सासरी राहिलेलं स्त्रीधन परत मिळवताना: आधी यादी, मग अर्ज

ताई, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. थोडक्यात तो असा: माहेर राजापूर तालुक्यात, सासर देवगड तालुक्यात, नवरा मुंबईला नोकरीला. लग्नाला पाच वर्षं झाली. गेल्या वर्षी शिमग्यानंतर भांडण विकोपाला गेलं आणि तुम्ही मुलीला घेऊन माहेरी आलात. घटस्फोट झालेला नाही, कोणी अर्जही केलेला नाही. साधारण चौदा तोळे सोनं, भांडीकुंडी, शिलाई मशीन आणि तुमची शाळा-कॉलेजची मूळ प्रमाणपत्रं सासरीच राहिली. त्यातले काही डाग, म्हणजे दागिने, नवऱ्याने आंब्याच्या फवारणीच्या खर्चासाठी पतसंस्थेत गहाण ठेवले होते. पावत्या निम्म्याच हाताशी आहेत. सासरचे म्हणतात, "जाताना सगळं घेऊनच गेली." वडील स्वतःच्या नावाने केस करायला निघालेत. तुम्हाला पोलिसांचं लचांड नको, तुमचं तेवढं परत हवंय.

मी बावीस वर्षं सिंधुदुर्गातल्या तालुका कोर्टांत वकिली करते. अशा बायका महिन्याला दोन-तीन तरी येतात, आणि बहुतेकींचा पहिला प्रश्न तुमचाच असतो: "घटस्फोट झाल्याशिवाय मागता येतं का?" येतं. स्त्रीधन घटस्फोटाला बांधलेलं नाही. लग्नाआधी, लग्नात आणि लग्नानंतर माहेरच्यांनी, नातेवाइकांनी, मैत्रिणींनी, नवऱ्याने, सासरच्यांनी तुम्हाला म्हणून जे दिलं ते तुमचं, एकटीचं. सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली प्रतिभा राणी खटल्यात हे स्पष्ट सांगितलं: नवरा किंवा सासू ते ठेवून घेतात तेव्हा फक्त सांभाळणारे असतात. मालक बाईच. २०१५ साली कृष्णा भट्टाचारजी खटल्यात त्याच न्यायालयाने पुढचं सांगितलं की नवरा-बायको कोर्टाच्या हुकमाने विभक्त राहत असले तरी हा हक्क संपत नाही, आणि वस्तू अडवून ठेवणं हा रोज चालू राहणारा अपराध आहे. म्हणजे "वर्ष उलटलं, आता काय मिळणार" असं कोणी सांगितलं तर ऐकू नका. पण म्हणून आणखी वर्ष घालवूही नका. सोनं वितळायला एक दुपार पुरते.

तेव्हा हक्काबद्दल मला शंका नाही. तुमची खरी अडचण वेगळी आहे. काय काय होतं, त्याचं वजन किती, आणि ते शेवटचं कोणाच्या ताब्यात होतं, हे दाखवायचं आहे. समोरचे "तुझं नाही" असं म्हणतच नाहीत. ते म्हणतात, "तूच नेलंस." म्हणून कोर्टाची पायरी चढण्याआधी करायचं काम घरी बसून करायचं आहे, आणि ते म्हणजे यादी.

एक वही घ्या. आईला आणि लग्नाच्या खरेदीला सोबत असलेल्या आत्याला किंवा मावशीला शेजारी बसवा. एकेक डाग आठवून लिहा: नाव, साधारण वजन, कोणी दिला, केव्हा दिला, शेवटचा कधी घातला, त्यानंतर कुठे ठेवला. "दागिने चौदा तोळे" असं एका ओळीत लिहिलेली यादी कोर्टात टिकत नाही. "पाटल्या दोन, माझ्या आईच्या पाटल्या मोडून केलेल्या, लग्नानंतरच्या पहिल्या गणपतीत घातल्या, नंतर सासूबाईंनी आतल्या खोलीतल्या कपाटात ठेवल्या, किल्ली त्यांच्या कमरेला" ही ओळ टिकते, कारण असं खोटं रचणं अवघड असतं. आठवत नसेल तिथे "आठवत नाही" लिहा. चौदाचे अठरा तोळे करायचा मोह होतो, घरचेही सुचवतात. करू नका. उलटतपासणीत एक डाग फुगवलेला निघाला की उरलेल्या खऱ्या डागांवरही संशय येतो. मी हे होताना पाहिलंय आणि त्या बाईचं नुकसान मला आजही बोचतं.

तोळ्याचाही हिशोब नीट करा. जुना तोळा ११.६६४ ग्रॅमचा. आता बहुतेक सराफ १० ग्रॅमला तोळा म्हणतात. तुमचे चौदा तोळे जुन्या मापाने १६३ ग्रॅम होतात आणि नव्या बोलीने १४०. फरक २३ ग्रॅमचा, म्हणजे दोन तोळ्यांहून जास्त. यादीत नेहमी ग्रॅम लिहा. हरवलेल्या पावत्यांसाठी सराफाकडे जा. आपल्या बाजारपेठांतले जुने सराफ ग्राहकाची नोंद ठेवतात, बिलाची दुय्यम प्रत किंवा निदान वहीतला उतारा देतात. अलीकडच्या हॉलमार्कच्या दागिन्यावर सहा अक्षर-अंकी एचयूआयडी, म्हणजे त्या दागिन्याचा स्वतंत्र ओळखक्रमांक, असतो आणि बरेचदा तो बिलावरही असतो. निम्म्या पावत्या तुमच्याकडे आहेत, त्यांवर तो सापडला तर यादीत त्या डागापुढे लिहा. उद्या कपाटातून डाग निघाला की तो तुमचाच हे एका नजरेत ठरतं.

आता फोटो. लग्नाचा अल्बम सगळेच आणतात, पण लग्नाचा फोटो फक्त एवढंच सांगतो की लग्नादिवशी हे दागिने अंगावर होते. ते सासरी राहिले हे तो सांगत नाही. म्हणून मी कोकणातल्या बाईला पहिल्यांदा विचारते, "ओवशाचे फोटो आहेत का?" लग्नानंतरच्या पहिल्या गौरीला सुनेचा ओवसा होतो, सुपं घेऊन ती सगळे दागिने घालून सासरच्या गौरीपुढे बसते, आणि तो फोटो सासरच्या घरात, सासरच्या माणसांनी काढलेला असतो. माझ्या एका अशिलाच्या प्रकरणात सासरच्यांनी लेखी दिलं होतं की लग्नानंतर आठच दिवसांत तिने दागिने माहेरी नेले. ओवशाचा फोटो लग्नानंतर पाच महिन्यांचा होता, मागे सासरच्या गणपतीवर बांधलेली फळापानांची माटवी दिसत होती, आणि अंगावर तोच पोहेहार, तीच चिंचपेटी, त्याच पाटल्या. तिथून पुढे त्यांच्या वकिलांचा सूर बदलला. तुमच्याकडे ओवशाचा नसेल तर हळदीकुंकू, डोहाळजेवण, बारसं, नणंदेचं लग्न, गावची जत्रा, काहीही चालेल. नातेवाइकांच्या फोनमध्येही शोधा. आणि उलट बाजूचाही पुरावा असतो: माहेरी आल्यानंतर झालेल्या एखाद्या कार्याचा फोटो, ज्यात तुमच्या गळ्यात नुसती पोत आहे.

निघालात त्या दिवसाचंही सविस्तर लिहून ठेवा. कोणत्या वेळी, रिक्षाने की एसटीने, हातात किती पिशव्या, मुलगी कडेवर होती का, वाटेत कोण भेटलं, माहेरी दार कोणी उघडलं. रात्री मुलीला घेऊन निघालेली बाई एका पिशवीत चौदा तोळे, भांडी आणि शिलाई मशीन घालून नेत नाही. हे साधं व्यवहारज्ञान न्यायाधीशांनाही असतं, पण ते कागदावर यावं लागतं.

फोनवरचे संदेश पुसू नका, फोन बदलू नका. नवऱ्याशी बोलणं चालू असेल तर एक साधा, खरा, शांत संदेश पाठवा: "माझ्या पाटल्या आणि हार आईंच्या कपाटात आहेत, प्रमाणपत्रंही तिथेच आहेत, घ्यायला कधी येऊ?" उत्तर आलं, "आई बघेल," किंवा "आधी घरी ये, मग बोलू," तरी त्यात वस्तू तिथे असल्याची कबुली आहे. असे संदेश कोर्टात दाखल करताना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र जोडावं लागतं. ते तुमचा वकील करून देईल, तुम्ही मूळ फोन जपा.

सासरकडून घातलेल्या डागांबद्दल तुम्ही विचारलंत. आपल्याकडे पूर्वापार समज आहे की मोडलं तर ज्याचे डाग त्याने न्यावे. कायदा असं म्हणत नाही. सासरच्यांनी नव्या सुनेला म्हणून जे घातलं, मंगळसूत्रासकट, तेही तिचंच. पण इथे परिस्थितीवर बरंच अवलंबून असतं. घराण्यातली जुनी नथ, जी प्रत्येक सुनेला लग्नापुरती घालायला देतात आणि पुन्हा सासूच्या डब्यात जाते, ती तुम्हाला भेट दिली होती असं सिद्ध करणं कठीण आहे. मी अशी नथ यादीतून काढायलाच सांगते. एका नथीवर सहा महिने भांडण्यापेक्षा बाकीचं सोनं लवकर हातात आलेलं बरं. हे माझं मत आहे, दुसरा वकील वेगळं सांगेल. नवऱ्याला घातलेली अंगठी, चेन हे मात्र तुमचं स्त्रीधन नाही. ती हुंडा म्हणून मागून घेतली असेल तर हुंडा प्रतिबंधक कायद्याच्या कलम ६ नुसार ती बाईकडे वळती करावी लागते, पण तो मुद्दा ताणायचा की नाही हे वकिलासमोर बसून ठरवा.

पतसंस्थेतल्या सोन्याचा गुंता आपल्या भागात फार. मोहोर आला की फवारणीला पैसे लागतात, दर्यावर जाणाऱ्यांना डिझेल-जाळ्याला लागतात, आणि घरात हाताशी असतं ते सुनेचं सोनं. तुम्ही त्या वेळी हो म्हणाला होतात, म्हणून आता मागता येणार नाही असं तुम्हाला वाटतंय. तसं नाही. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२४ मध्ये केरळच्या एका प्रकरणात पुन्हा सांगितलं की स्त्रीधन ही नवरा-बायकोची सामाईक मालमत्ता नव्हे. अडचणीत नवऱ्याने ते वापरलं तरी ते किंवा त्याची किंमत परत करणं त्याच्यावर बंधनकारक आहे. त्या प्रकरणात बाईला २५ लाख रुपये देण्याचा हुकूम झाला.

व्यवहारात असं करा. गहाण कोणाच्या नावावर आहे ते आधी शोधा. तुमच्या सहीने असेल तर पैसे भरून तुम्ही स्वतः सोडवू शकता. नवऱ्याच्या नावावर असेल तर पतसंस्था तुम्हाला डाग देणार नाही, आणि त्यात त्यांची चूकही नाही. तरीही शाखेला लेखी पत्र द्या, डागांचं वर्णन आणि फोटो जोडा, "हे माझं स्त्रीधन आहे, वाद आहे" असं लिहा आणि पोच घ्या. नवरा हप्ते थकवून लिलाव होऊ देईल अशी भीती असेल तर कोर्टाकडून मनाईहुकूम लगेच मागावा लागेल. बँकेत लॉकर असेल तर तिथेही असंच पत्र द्या. लॉकर उघडल्याची नोंद वहीत सही-वेळेसकट असते, आणि रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार लॉकर खोलीत ये-जा केल्याचं चित्रण बँकेला किमान १८० दिवस ठेवावं लागतं. त्यामुळे या पत्राला उशीर परवडत नाही.

आता कुठे जायचं? आधी वकिलामार्फत नोटीस पाठवा, यादीसह, पोचपावतीने. पुष्कळ जण नोटिशीला नुसता उपचार समजतात. मला ती फार मोलाची वाटते, कारण उत्तरात समोरचे बहुधा लिहितात, "दागिने होते, पण ती घेऊन गेली." त्या एका वाक्याने दागिने होते की नव्हते हा अर्धा वाद मिटतो. उरतो फक्त कोणी नेले एवढाच प्रश्न, आणि त्याचं उत्तर तुमच्या वहीत आणि फोटोंत आहे.

नोटिशीने काम झालं नाही तर तुमच्या परिस्थितीत मी कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायदा, २००५ खाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करायला सांगेन. तुम्हाला वाटतं तशी ही पोलीस केस नाही. नुसत्या अर्जाने कोणाला अटक होत नाही. "मला मारहाण तर झाली नाही" असं तुम्ही लिहिलंत, पण बाईचं स्त्रीधन अडवून ठेवणं, विकणं हा या कायद्याने आर्थिक छळच आहे. कलम १९(८) खाली स्त्रीधन आणि इतर वस्तू परत करण्याचा हुकूम मिळतो. त्याबरोबर कलम १८ खाली सोनं विकू नये, लॉकर उघडू नये असा संरक्षण आदेशही अवश्य मागा. तो मोडला तर कलम ३१ ने एक वर्षापर्यंत कैद आहे, आणि ही जरब नुसत्या परत देण्याच्या हुकमाला नसते. दागिने सासूबाईंच्या ताब्यात आहेत म्हणून अडचण नाही. बायकांनाही प्रतिवादी करता येतं, हे सर्वोच्च न्यायालयाच्या २०१६ च्या निकालाने पक्कं झालंय. देवगडला खेपा घालायचीही गरज नाही, तुम्ही राहता तिथल्या, म्हणजे राजापूरच्या कोर्टात अर्ज चालतो. मुसलमान, ख्रिस्ती बहिणी हे वाचत असतील तर हा कायदा त्यांनाही तसाच लागू आहे.

प्रमाणपत्रं, कपडे, मुलीच्या वस्तू यांच्यासाठी कलम २३ चा अंतरिम अर्ज वेगळा करा. त्यावर समोरच्यांना सांगण्यासारखं काही नसतं, त्यामुळे हुकूम लवकर होतो. कायद्यात निकालासाठी साठ दिवसांची अपेक्षा लिहिलेली आहे. प्रत्यक्षात वर्ष-दीड वर्ष धरून मनाची तयारी ठेवा. तारखा पडतात, मुंबईच्या पत्त्यावर समन्स लागायलाच महिने जातात.

मागणीची भाषा नीट लिहून घ्या. "दागिन्यांची किंमत सात लाख मिळावी" असं लिहिलंत तर सात लाखच मिळतील. २०२० साली १० ग्रॅमला पन्नास हजारांच्या आसपास असलेलं सोनं २०२५ मध्ये लाखाच्या वर गेलं. म्हणून आधी त्याच वस्तू मागा, त्या नसतील तर तेवढ्याच वजनाचं, तेवढ्याच शुद्धतेचं सोनं मागा, आणि तेही नसेल तर परत देण्याच्या दिवसाच्या भावाने रक्कम.

पोलिसांचा रस्ता बंद आहे असं नाही. विश्वासघाताचा गुन्हा, पूर्वीचं कलम ४०६, आता भारतीय न्याय संहितेचं कलम ३१६. सोनं उद्याच विकलं जाणार अशी पक्की खबर असेल तर पोलीस झडती घेऊन जप्ती करू शकतात, हा त्याचा मोठा फायदा. पण फौजदारी खटल्यात गुन्हा संशयापलीकडे सिद्ध व्हावा लागतो. निम्म्या पावत्यांवर समोरचे सुटले तर तो निकाल ते सगळीकडे दाखवत फिरतात. स्त्रीधन परत मागण्याच्या अर्जात कोणाचं म्हणणं जास्त संभवनीय आहे ते पाहतात. तुमच्या पुराव्याला तेच झेपेल. मात्र मारहाण किंवा धमकी झाली असेल आणि तुम्ही संकोचाने लिहिली नसेल, तर हे सगळं गणित बदलतं. तसं असेल तर १८१ या महिला मदत क्रमांकावर आजच फोन करा.

वडिलांना समजावा. त्यांची तळमळ मला कळते, कर्ज काढून घातलेलं सोनं आहे. पण ते दिल्या दिवसापासून तुमचं झालं. २०२४ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की मुलगी हयात आणि सज्ञान असताना तिने अधिकार दिल्याशिवाय बापाला तिचं स्त्रीधन मागता येत नाही. अर्ज तुमच्या सहीने व्हायला हवा. वडील साक्षीदार म्हणून फार उपयोगी पडतील. भावांना घेऊन सासरी जाऊन कपाट उघडायचा विचार कोणाच्या मनात असेल तर तोही सोडा. घरात घुसल्याची तक्रार होते आणि तुमचं खरं प्रकरण बाजूला पडतं.

गावच्या बैठकीबद्दल. वाडीतल्या जाणत्यांनी बसून मिटवलं तर मला आनंदच आहे, काही प्रकरणं तिथे खरंच सुटतात. पण बैठकीत तुमच्यापुढे एक स्टॅम्पपेपर येईल. त्यावर "सर्व वस्तू मिळाल्या, यापुढे कोणतीही तक्रार नाही" असं लिहिलेलं असेल, आणि शेजारी चार पातेली ठेवलेली असतील. अशा कागदावर सही केलेली एक बाई माझ्याकडे तीन वर्षांनी आली. तिचे अकरा तोळे त्या एका ओळीत अडकले. जे हातात पडलं तेवढंच लिहा, उरलेल्याची "येणे बाकी" अशी नोंद करा. तसं लिहू देत नसतील तर सही न करता उठा. पुढे परस्परसंमतीने घटस्फोट घ्यायचं ठरलं तरी त्या अर्जातल्या "एकमेकांकडे काही येणे नाही" या कलमावर सही करण्याआधी सोनं हातात आलेलं असलं पाहिजे.

वकिलाच्या फीची काळजी करू नका. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ नुसार बाईला मोफत वकील मिळतो, मग तिचं उत्पन्न कितीही असो. राजापूरच्या कोर्टात तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा. कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली सरकारने नेमलेल्या संरक्षण अधिकाऱ्यांकडेही जा, ते घरगुती घटनेचा अहवाल तयार करून कोर्टाला देतात आणि त्याची एक पैही लागत नाही.

ज्या दिवशी वस्तू परत मिळतील त्या दिवसाचं शेवटचं सांगते, कारण जिंकलेली प्रकरणं मी तिथे बिघडताना पाहिली आहेत. घाईने रुमालातलं गाठोडं घेऊन निघू नका. कोर्टात, पोलीस ठाण्यात किंवा संरक्षण अधिकाऱ्यांसमोर पंचनाम्यानेच घ्या. ओळखीच्या सराफाला काटा आणि कसोटी घेऊन सोबत न्या, एकेक डाग यादीशी ताडा, ग्रॅम लिहा. पोहेहारातले चार मणी कमी भरले, पाटल्या बदललेल्या निघाल्या, तर तिथेच लिहून घ्या आणि मग सही करा. पंचनाम्याची एक प्रत मागून घ्या आणि ती त्या वहीच्या शेवटच्या पानाला टाचून ठेवा.